कैफियत वर्षभर उशिरा, भुर्दंड दोन हजार. हा न्याय म्हणायचा का?

घणसोलीकर
महापे एमआयडीसीतल्या एका कारखान्याने आमच्या शेजारच्या मशीन ऑपरेटरला काढलं. प्रकरण ठाण्याच्या कामगार न्यायालयात आहे. वर्ष उलटलं तरी मालकाची कैफियत, म्हणजे कामगाराच्या मागणीला लेखी उत्तर, येईना, तेव्हा कैफियतीविना पुढे चालवायचा आदेश झाला. लगेच पुढच्या तारखेला वकीलसाहेब कैफियत घेऊन हजर! दोन हजार खर्च लावून ती दाखल करून घेतली. रोजनामा, म्हणजे कोर्टाची तारीखवार नोंद, मी स्वतः वाचलाय. "प्रथम पक्षाचा मुदतीचा अर्ज. मंजूर." प्रथम पक्ष म्हणजे मालक. पान उलटा, पुन्हा तेच. शेजारी सध्या ठेकेदाराकडे रोजंदारीवर आहे, तारखेला ठाण्याला गेला की त्या दिवसाची हजेरी बुडते.

उलट अनुचित कामगार प्रथांची तक्रार करायला कामगाराला ९० दिवस. ते हुकले की विलंबमाफीचा अर्ज, आणि समोरचा वकील एकेका दिवसाचा हिशेब मागतो.

माझं म्हणणं एवढंच, कैफियत घ्या, पण जितका उशीर तितक्या काळाचा शेवटचा पगार कामगाराला द्यायला लावा. मालक निवाड्याविरुद्ध हायकोर्टात गेला तर १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम १७-ब खाली द्यावा लागतोच ना?

पुरशिस
१७-ब ची सोय कामावर परत घ्यायचा निवाडा हातात आल्यावरची आहे. तिथे कामगार एकदा जिंकलेला असतो. इथे अजून कोर्टाने ठरवायचे वादाचे मुद्देसुद्धा निघालेले नाहीत.

कैफियत नाकारली तर काय होतं, तेही बघा. काढण्याआधी कारखान्याने केलेली खात्यातली चौकशी सदोष ठरली तर गैरवर्तन कोर्टात पुराव्याने सिद्ध करायची परवानगी मालकाला कैफियतीतच मागून ठेवावी लागते. लक्ष्मीदेवम्मा प्रकरणात २००१ साली सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने हेच कायम केलं. म्हणजे कैफियत गेली की बचाव मुळासकट गेला. रंगेहाथ पकडलेला माणूसही बिनविरोध परत येईल. शिवाय एकतर्फी निवाडा टिकतो कुठे? पुरेसं कारण दाखवलं की उठतो, १९८० च्या ग्रिंडलेज बँक निकालापासून. मग शेजाऱ्याची आणखी वर्षं फुकट.

पावणे_वर्कशॉप
माझ्याकडे मोजून अठरा माणसं. एचआर वगैरे काही नाही, कोर्टाची नोटीस आली की अकाउंटंट ती सल्लागाराकडे पाठवतो आणि सल्लागार फोन उचलत नाही. मोठ्या कंपनीला शेवटचा पगार म्हणजे किरकोळ रक्कम, माझं कंबरडं मोडेल.

आणि उशीर काय फक्त मालकच करतो? १९४७ च्या कायद्यात सरकारमार्फत वाद पाठवायला मुदतच नव्हती. थेट कोर्टात जायची वाट २०१० मध्ये उघडली तीही तीन वर्षांची. नव्या औद्योगिक संबंध संहितेने ती दोनवर आणली, बरं केलं. सात वर्षांनी उगवलेल्या कामगाराचीही केस ऐकली गेली आहे, अजैब सिंग प्रकरण, १९९९.

घणसोलीकर
अजैब सिंगचं नाव काढलंत ते बरं झालं. पूर्ण वाचा. केस ऐकली, पण उशीर केला म्हणून मागच्या पगारातला काही भाग कापला. माझा सवाल तोच आहे: कामगाराचा उशीर त्याच्या पगारातून वळता होतो, मालकाचा दोन हजारांत मिटतो.

पुरशिस
मालकाचाही वळता होतो. कामगार जिंकला तर त्या लांबलेल्या काळाचा मागचा पगार मालकच भरतो.

जुना_मस्टर
जिंकला तर! हल्ली मागचा पूर्ण पगार आपोआप मिळत नाही, बरेचदा एकरकमी भरपाईवर बोळवण होते. त्यातही मधल्या काळात पोटासाठी कुठे काम केलं असेल तर तेच त्याच्याविरुद्ध काढतात. युनियनच्या कामात हे फार पाहिलं. एकट्या कामगाराचा वाद तीन महिन्यांत संपावा असं १९८२ च्या दुरुस्तीने १९४७ च्याच कायद्यात कलम १०(२-अ) मध्ये घातलं. तीन महिन्यांत आमच्याकडे नोटीस बजावून आली तरी पुष्कळ.

पावणेवाले, सल्लागार फोन उचलत नसेल तर बदला की. त्याचा हप्ता कामगाराने का भरायचा?

पावणे_वर्कशॉप
बदलला. नवाही तसलाच.

पुरशिस
घणसोलीकर, ते दोन हजार गेले कुणाला?

घणसोलीकर
विधी सेवा प्राधिकरणाला, शेजाऱ्याला नाही.

पुरशिस
हे मात्र मलाही पटत नाही. पुढच्या वेळी मुदतीच्या अर्जावर से (लेखी म्हणणं) देताना नुसतं "हरकत आहे" लिहू नका. दर तारखेची बुडालेली रोजंदारी आणि प्रवास आकड्यात मांडा, तेवढा खर्च कामगारालाच मिळावा आणि तो भरल्याशिवाय कैफियत वाचली जाऊ नये, असं मागा. पगाराइतका नाही मिळणार, पण दोन हजारांवरही थांबणार नाही. ठेकेदाराची हजेरीची चिठ्ठी जोडा, तोंडी सांगितलेलं कुणी धरत नाही.

जुना_मस्टर
ठेकेदार चिठ्ठी देतो होय?