व्हिएन्ना: राजवाडे आणि वाइन एकाच पायी फेरीत?

नाशिककर: सप्टेंबरअखेर आई-बाबांना घेऊन जातोय. हाब्सबर्ग राजघराण्याचा इतिहास आणि स्थानिक पेयं, अशी गाइडसोबतची फेरी घ्यावी का? बाबा पीत नाहीत.

मुक्काम_व्हिएन्ना: इतिहासाची घ्या, सकाळची. कापुझिनर चर्चखालचं तळघर चुकवू नका. सम्राटांचे देह तिथे, हृदयं मात्र बऱ्याच जणांची आउगुस्टिनर चर्चमध्ये, चांदीच्या कलशांत! बाबांना मेलांज कॉफी पाजा.

उनाड: वाइनला गाइड कशाला? ३८ नंबरच्या ट्रामने ग्रिन्झिंग हा द्राक्षमळ्यांचा भाग गाठा. सम्राट दुसऱ्या योझेफने १७८४ मध्ये मळेवाल्यांना स्वतःची वाइन विकायची मुभा दिली, तसले गुत्ते अजून चालतात. दारावर हिरवी डहाळी टांगलेली दिसली की खुशाल आत शिरा. ‘श्टुर्म’ मागा: अर्धवट आंबलेला द्राक्षरस, गोड लागतो आणि गुपचूप चढतो.

नाशिककर: बाबा म्हणतात, द्राक्षरस चालेल. सांगू का त्यांना?