कँडेस हिलिगॉसला अभिनय येत होता, की नुसते डोळे मोठे होते?

रात्रपाळी: काल परत ‘कार्निव्हल ऑफ सोल्स’ (१९६२) बघितला. ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी: मेरी हेन्री (हीच कँडेस हिलिगॉसची भूमिका) ऑर्गन वाजवते. मैत्रिणींसोबत गाडीत असताना गाडी पुलावरून नदीत पडते आणि काही तासांनी ही एकटी चिखलाने माखून वाळूवर चालत येते. पुढे तिला एक पांढराफटक माणूस दिसत राहतो. हिलिगॉसने १९६४ मध्ये अजून एक भयपट केला, पण तिचं नाव निघतं ते मेरीमुळेच. माझ्या मते, ही एक भूमिका पंचवीस सिनेमांना भारी आहे.

कडू_कारलं: जरा दमानं. दिग्दर्शक हर्क हार्वी कॅन्ससमध्ये शैक्षणिक आणि औद्योगिक माहितीपट काढायचा, ही त्याची एकमेव फीचर फिल्म. बजेट साधारण ३३ हजार डॉलर. सिनेमातला ग्रेट सॉल्ट लेक या खाऱ्या सरोवराच्या काठचा तो ओसाड सॉल्टेअर मंडप आणि जीन मूरचं ऑर्गनवरचं पार्श्वसंगीत काढून घ्या, मग सांगा काय उरतं ते. बाई अवघडलेली आहे आणि आपण त्याला ‘गूढ’ म्हणतोय!

रात्रपाळी: अवघडलेली मेरी आहे हो, नटी नाही. सुरुवातीलाच ऑर्गनच्या कारखान्यातला माणूस तिला सांगतो की वाजवताना जरा जीव ओत. चर्चमधलं वाजवणं तिच्या लेखी फक्त नोकरी. जी बाई जिवंतपणीच कशात नसते, ती अशीच दिसणार ना? आणि हिलिगॉस न्यूयॉर्कमध्ये अभिनय शिकलेली होती, कुठून तरी पकडून आणलेली नव्हती.

खिडकीजवळ: कपड्यांच्या दुकानाचा प्रसंग बघा. नवा ड्रेस घालून बघते, बाहेर येते आणि एकदम आवाज बंद. विक्रेतीशी बोलते, पण तिला ही दिसतही नाही. आधी नुसती वैतागते, मग घाबरते. ते ओठांच्या कडेला दिसतं. शेवटी बागेत पक्ष्याचा आवाज येतो तेव्हा कुठे तिचे खांदे सुटतात. यात ऑर्गनचा काय संबंध?

पैशाचं_बोला: विषयांतर करतो, माफ करा. कॉपीराइटची सूचना छापायची राहिली आणि सिनेमा सार्वजनिक मालकीचा झाला. रात्री-अपरात्री टीव्हीवर कुणीही लावावा, त्यातूनच तो कल्ट झाला. १९८९ मध्ये परत थिएटरात आला. नटीच्या वाट्याला काय, तर कौतुक. तिला ‘अज्ञात’ म्हणून उसासे टाकण्याआधी हे बघा.

कडू_कारलं: @पैशाचं_बोला, हे पटलं. @खिडकीजवळ, आत्ता तो प्रसंग दोनदा बघितला. ओठांचं खरंय. शेजारच्या लंपट माणसासोबत बाहेर जाते तिथेही चांगली आहे: तो नकोय, पण एकटं राहायचं नाहीये, दोन्ही कळतं. पण शेवटी भुतं मागे लागतात तेव्हा? परत तेच डोळे वटारणं. पंचवीस सिनेमे सोडा, दोन प्रसंगांचे मार्क देतो.

रात्रपाळी: दोन नाही, तीन. चिखलातून चालत येते तो धरलाच नाहीत.