नेते एका ताटात, आपण दोन बाकांवर: हे ध्रुवीकरण नेमकं कुणाचं?

हळदवाला_सांगली (धागाकर्ता)

सांगलीच्या आमराईत सकाळचं फिरणं झालं की आम्ही सातजण एका बाकावर बसायचो. सातजण मावत नाहीत, दोघं पाळीपाळीनं उभे राहायचे. वीसेक वर्षं हे चाललं. माझी मार्केट यार्डात हळदीची अडत, एक एसटीतून निवृत्त झालेले, एक प्राध्यापक, एक तासगावकडचे द्राक्षबागाईतदार, असा गोतावळा. २०१९ नंतर बोलण्यात कुसळं यायला लागली. २०२४ च्या लोकसभेनंतर आता दोन बाक आहेत. सगळ्यांना बसायला जागा मिळते, एवढा फायदा झाला.

निमित्त एका व्हिडिओचं. तो खोटा होता हे दोन दिवसांत कळलं, पण तोवर प्राध्यापकांना 'देशद्रोही' आणि बागाईतदारांना 'अंधभक्त' म्हणून झालं होतं. व्हिडिओ डिलीट होतो, शब्द होत नाही.

भांडण आपल्या जिल्ह्याला नवं नाही. दादा-बापू वादात वसंतदादांचा गट आणि राजारामबापूंचा गट यांवरून घरातले भाऊ वेगळे झालेले मी पाहिलेत. पण त्या वादात दादा आणि बापू स्वतःसुद्धा भांडत होते हो! आता बघा. १९७८ मध्ये पवारसाहेबांनी दादांचं सरकार पाडलं, 'पाठीत खंजीर' हा शब्द तेव्हापासून राजकारणात रुळला, आणि १९८६ मध्ये साहेब काँग्रेसमध्ये परत आले. आठ वर्षं ज्यांनी एकमेकांची तोंडं पाहिली नाहीत त्या कार्यकर्त्यांना कुणी विचारलं? जून २०२२ ला शिवसेना फुटली, जुलै २०२३ ला राष्ट्रवादी. ज्यांच्या नावानं काल शिमगा केला त्यांच्या गळ्यात आज हार. वर तडजोड, खाली वैर.

म्हणून माझं म्हणणं असं, की आपल्याकडे जे चाललंय ते विचारांचं ध्रुवीकरण नाहीच. नेत्याला विचार बदलायला एक रात्र पुरते. आपण मात्र 'हे आपले, ते त्यांचे' एवढंच धरून बसतो. आणि नुकसान कुठं होतं? नोव्हेंबर २०२२ मध्ये कर्नाटकच्या मुख्यमंत्र्यांनी जत तालुक्यातल्या ४० गावांवर हक्क सांगितला. दोन दिवस आमचा बाक एक होता. तिसऱ्या दिवशी 'तुमच्या सरकारनं म्हैसाळ उपसा योजनेचं पाणी का दिलं नाही' आणि 'तुमच्यानं साठ वर्षांत काय झालं' सुरू झालं. जतचा माणूस बाजूलाच राहिला.

अजिंक्यतारा_पायथा

हळदवाले, लिहिलंय छान, पण हा गतकाळाचा उमाळा साताऱ्यात चालत नाही. गांधीजींच्या खुनानंतर १९४८ मध्ये साताऱ्यापासून सांगली-कोल्हापूरपर्यंत ब्राह्मणांची घरं जळाली. तेव्हा कुठला मोबाइल होता? ३० नोव्हेंबर १९५७ ला पंतप्रधान नेहरू प्रतापगडावर शिवरायांच्या पुतळ्याचं अनावरण करायला आले, तर संयुक्त महाराष्ट्र समितीनं काळे झेंडे घेऊन वाट धरली. त्याच वर्षी साताऱ्यानं क्रांतिसिंह नाना पाटलांना लोकसभेत पाठवलं. समिती आणि काँग्रेस, मध्ये कुणी नाही. याहून मोठं ध्रुवीकरण कुठलं? आणि त्यातूनच १९६० चा महाराष्ट्र मिळाला ना? दोन्ही बाजू 'समजुतीनं घेऊ' म्हणत बसल्या असत्या तर मुंबई गेली असती.

दुसरं, १९५० मध्ये अमेरिकेतल्या राज्यशास्त्रज्ञांच्या संघटनेच्या समितीची तक्रार काय होती, माहीत आहे? दोन्ही पक्षांत पुरेसा फरक नाही, मतदारानं निवडायचं काय, ही! आज तिथं उलटी बोंब आहे. म्हणजे फरक कमी असला तरी ओरड, जास्त झाला तरी ओरड.

आणि तिसरं, मतदार दोन बाकांना खिळलाय हे मला पटत नाही. साताऱ्यानं मे २०१९ मध्ये उदयनराजेंना घड्याळावर निवडून दिलं. ते राजीनामा देऊन भाजपमध्ये गेले, पवारांची ती पावसातली सभा झाली, आणि ऑक्टोबरच्या पोटनिवडणुकीत उदयनराजेंनाच पाडलं. २०२४ ला त्यांनाच परत कमळावर निवडून दिलं. याला ध्रुवीकरण म्हणायचं की शहाणपण, तुम्ही ठरवा. तुमच्या सांगलीनं तर आघाडी आणि युती दोघांचे अधिकृत उमेदवार पाडून दादांच्या नातवाला अपक्ष निवडून दिलं.

भडंग_आणि_शेंगदाणे

बाक दोन झाले तर दोन्हीकडचा चहा एकाच गाड्यावरून येतो का ते सांगा. गाडेही दोन झाले असतील तर मग गंभीर आहे.

वकीलतात्या_विटा

अजिंक्यतारा यांनी माणसं मोजली, मी कायदा मोजतो. ज्याला सगळ्यांत जास्त मतं तो जिंकतो, ही आपली निवडणूक. २०१४ ला भाजपला ३१ टक्के मतांवर २८२ जागा मिळाल्या. हा कुठल्या एका पक्षाचा दोष नाही, १९८४ च्या लाटेत चारशेच्या वर जागा घेणाऱ्या काँग्रेसलाही निम्मी मतं नव्हती. तिसरा हिस्सा पक्का बांधला की बाकीच्यांची मर्जी राखायची गरजच उरत नाही.

वर १९८५ चा पक्षांतरबंदी कायदा. हेतू चांगला होता, पण आमदार-खासदाराला पक्षादेशाबाहेर मत देता येत नाही. विरोधकाचं एखादं म्हणणं पटलं तरी हात वर करायचा कुठं? एकट्यादुकट्याला हा कायदा धरतो आणि दोन-तृतीयांश मिळून गेले की सोडतो. चिल्लर चोराला बेडी, घाऊकवाल्याला सत्कार.

परिणाम सभागृहात दिसतो. पहिली लोकसभा ६७७ दिवस बसली, सतरावी २७४ दिवस. सतराव्या लोकसभेला पूर्ण मुदतीत उपाध्यक्षच नव्हता. डिसेंबर २०२३ मध्ये दोन्ही सभागृहांतले मिळून १४६ विरोधी खासदार निलंबित झाले आणि त्याच अधिवेशनात तीन नवे फौजदारी कायदे संमत झाले. मी रोज कोर्टात ज्या कलमांवर उभा राहतो ती अशी आली आहेत. विरोधकांनी गोंधळ घातला नाही असं मी म्हणत नाही, फलक घेऊन अध्यक्षांच्या आसनासमोरच्या मोकळ्या जागेत, 'वेल'मध्ये, उतरले होतेच. पण गोंधळ आणि निलंबन हे दोन्ही बाजूंना सोयीचं होऊन बसलंय. चर्चा कुणालाच नको.

अजिंक्यतारा_पायथा

तात्या, मोठ्या आदरानं विचारतो. ही निवडणूक पद्धत १९५२ पासून आहे, पक्षांतरबंदी १९८५ पासून. मग हळदवाल्यांचा बाक २०१९ नंतरच का मोडला? तुमचं कारण खरं असेल, पण ते तारीख सांगत नाही.

बूथवाला

तारीख मी सांगतो. सप्टेंबर २०१६, जिओ आलं.

नाव लिहीत नाही कारण पोट यावरच आहे. मी दोन्ही बाजूंची कामं केलीत, वेगवेगळ्या निवडणुकीत. मतदार यादी घ्यायची, वॉर्डाप्रमाणे ग्रुप करायचे, सुरुवातीला 'शुभ सकाळ', पाणी कधी येणार, कुणाचं श्राद्ध, असलं टाकायचं. दोन महिने राजकारण नाही. लोक ग्रुप सोडत नाहीत. मग हळूहळू. रस्त्याचा फोटो टाकला तर लोक बघून सोडून देतात. 'ते आपल्याला काय समजतात' असं काही टाकलं की माणूस जेवण सोडून पुढं पाठवतो, हे मी डोळ्यानं बघितलंय. २०१८ ला धुळ्याच्या राईनपाड्यात अफवेवरून पाचजणांना मारलं, त्या महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपनं एका वेळी पाच ठिकाणीच पुढं पाठवायची मर्यादा घातली. आम्ही काय केलं? जास्त सिमकार्डं घेतली.

आपल्या माणसाला मत द्या म्हणून सांगण्यापेक्षा समोरच्याची भीती घालणं स्वस्त पडतं. एवढंच आहे हे. विचारबिचार काय नाय.

हळदवाला_सांगली

आणि तुम्हाला झोप लागते का?

बूथवाला

लागते काका. तुमच्या अडतीत ओली हळद वाळकी म्हणून कधी गेलीच नाही का?

मिरजेची_लेक

सगळे भाऊ छान बोलताय, पण एक सांगू? 'ध्रुवीकरण' हा शब्दच मला फसवा वाटतो. दोन ध्रुव म्हटलं की दोन्हीकडं सारखीच थंडी, असं वाटतं. तसं नसतं.

आमचं घर मिरजेत सतारमेकर गल्लीजवळ. सप्टेंबर २००९, गणेशोत्सवात अफझलखान वधाच्या कमानीवरून दंगल झाली, संचारबंदी लागली, सांगली-इचलकरंजीपर्यंत पोचली. पुढच्या महिन्यात विधानसभेची निवडणूक होती. तेव्हा जिओ नव्हतं, बूथवाले दादा. १० सप्टेंबर २०२३ ला साताऱ्याकडं पुसेसावळीत एका सोशल मीडियावरच्या पोस्टवरून जमाव मशिदीवर गेला, एक तरुण जिवानिशी गेला. जिल्ह्याचं इंटरनेट बंद केलं. अजिंक्यतारा दादा, तुमच्या यादीत १९४८ आहे, १९५७ आहे, आणि तुमच्याच जिल्ह्यातलं हे नाही. का नाही?

तुमचा बाक मोडला त्याचं मला खरंच वाईट वाटतं, काका. पण तुमच्या ध्रुवीकरणात चहा वेगळा होतो, आमच्यात घरमालक 'भाड्यानं द्यायची नाही' म्हणतो. दरवर्षी गणपतीत गोटखिंडीच्या मशिदीत गणपती बसतो त्याची बातमी येते, लोक ती कौतुकानं शेअर करतात आणि वर्षभरासाठी मोकळे होतात. गोटखिंडीवाल्यांना नमस्कारच आहे, पण ती बातमी आहे म्हणजेच काहीतरी बिघडलंय ना.

अजून एक. अमेरिकेत १९६० मध्ये 'मुलानं दुसऱ्या पक्षाच्या घरात लग्न केलं तर चालेल का' असं विचारलं, तर जेमतेम ५ टक्क्यांना ते खटकलं. २०१० मध्ये एका पक्षाच्या जवळजवळ निम्म्या लोकांना आणि दुसऱ्याच्या तिसऱ्या हिश्शाला खटकलं. आपल्याकडं सोयरीक जुळवताना पक्ष कुणी विचारतच नाही, जात विचारतात. म्हणजे भिंती अगोदरच होत्या. पक्षांनी नव्या बांधल्या नाहीत, जुन्यांवर आपले झेंडे लावले. आरक्षणावरून मराठा-ओबीसी झालं तेव्हाही गावात हेच दिसलं.

अजिंक्यतारा_पायथा

ताई, पुसेसावळी लिहायला हवी होती. राहिली, आणि सोयीनं राहिली असंही म्हणा, चालेल.

तरी एका गोष्टीवर ठाम आहे. सगळ्या भांडणांना एका पोत्यात घालू नका. १९५७ चं भांडण एका मागणीचं होतं, मागणी मिळाली आणि ते संपलं. पुसेसावळीत मागणी काय होती? काहीच नाही. माणसाच्या असण्याबद्दलच तक्रार असली की ते संपणार कधी? पहिल्या प्रकारचं भांडण लोकशाहीला लागतं. उसाच्या दराला रस्ता अडवणारा शेतकरी ध्रुवीकरणच करत असतो, त्याला कुणी 'समाज तोडतोस' म्हणत नाही.

वकीलतात्या_विटा

म्हणतात की. त्याच्यावर दाखल झालेले गुन्हे माझ्याकडंच येतात.

भडंग_आणि_शेंगदाणे

माझ्या प्रश्नाला उत्तर आलं नाही.

हळदवाला_सांगली

चहाचा गाडा एकच आहे. आणि बूथवाल्यांच्या हळदीच्या टोल्याला उत्तर नाही, गिळला.

ताईंचं वाचून काल रात्री जरा बसून आठवलं. आमच्या सातजणांत आठवा एक होता, मिरजेहून बदलून आलेला पोस्टातला. बाक मोडायच्या बऱ्याच आधी, २००९ च्या दिवाळीनंतर, तो यायचा बंद झाला. आम्ही म्हणालो गुडघे दुखत असतील. कुणी घरी गेलं नाही. मी वर सातच मोजले, तुम्ही पाहिलंत.

त्याचा नंबर जुन्या डायरीत सापडला. लँडलाइनचा आहे, लागत नाही. प्राध्यापकांना पत्ता माहीत असावा, पण ते पलीकडच्या बाकावर बसतात. उद्या तिकडं जाऊन विचारतो.