मदत हवी आहे: न्यू थ्रीडीएस एक्सएलवर मोठा गेम इन्स्टॉल होत नाही, जागा असूनही

गोदातीर (गंगापूर रोड, नाशिक)

नमस्कार मंडळी,

हातात धरून खेळायचा गेम कन्सोल आहे, न्यू निन्टेंडो थ्रीडीएस एक्सएल. त्यावर बूटनाइनस्ट्रॅप आणि ल्यूमा (कस्टम फर्मवेअर, म्हणजे कंपनीचं नसलेलं सिस्टिम सॉफ्टवेअर) बसवलंय, शिवाय गॉडमोडनाइन (फाइल हाताळायला), एफबीआय (गेम इन्स्टॉल करायला) आणि चेकपॉइंट (सेव्हचा बॅकअप घ्यायला) आहे. आत ३२ जीबीचं मायक्रोएसडी कार्ड.

झेनोब्लेड क्रॉनिकल्स थ्रीडीचं स्वतःचं कार्ट्रिज आहे. ते सारखं काढ-घाल करायला नको म्हणून कन्सोलमध्येच टाकून ठेवायचंय. केलं ते असं: गॉडमोडनाइनमधून कार्ट्रिजची सीआयए फाइल (गेम इन्स्टॉल करायची फाइल) बनवली, ती साडेतीन जीबीच्या थोडी वर भरली. मग एफबीआयमध्ये जाऊन 'इन्स्टॉल सीआयए' दाबलं. बार पुढे सरकतो आणि मध्येच एरर देऊन थांबतो. तीनदा केलं, तिन्ही वेळा तेच.

सुरुवातीला सेटिंगमध्ये ४९ हजार ब्लॉक मोकळे दिसत होते. गेमला २९ हजारांच्या आसपास लागतात. मग अडतंय कुठे?

दुसरं म्हणजे, १२८ जीबीचं नवं कार्ड आणलंय. जुन्यातलं सगळं त्यात कॉपी करून लावलं, तर होम मेनू येतो पण कार्ड वाचता येत नाही म्हणतो. कार्ड बाद आहे का?

---

सातपूर_शिफ्ट

दादा, एफबीआयमध्ये 'इन्स्टॉल सीआयए'च्या खालीच 'इन्स्टॉल अँड डिलीट सीआयए' आहे, ते वापरा. मूळ फाइल आपोआप पुसली जाते, जागा वाचते.

---

अबोली

सातपूर_शिफ्ट, जागा वाचते, पण इन्स्टॉल पूर्ण झाल्यावर. एफबीआय आधी अख्खा गेम लिहितो, सगळं नीट झालं की मग मूळ फाइल पुसतो. लिहिणं चालू असताना दोन्ही प्रती कार्डावर असतातच. त्यामुळे इथे तो पर्याय कामाचा नाही.

गोदातीर, तुमचेच आकडे घेऊन हिशोब मांडते. एक ब्लॉक म्हणजे १२८ केबी. आठ ब्लॉकचा एक एमबी, ८,१९२ ब्लॉकचा एक जीबी. तुमचे ४९ हजार म्हणजे साधारण ६ जीबी. त्यातले २९ हजार सीआयए फाइलनेच खाल्ले, उरले २० हजार. गेमला पुन्हा २९ हजार हवेत. नऊ हजार कमी पडतात, आणि जिथे जागा संपते तिथे इन्स्टॉल अडकतं. लहान गेमना हे जाणवत नाही, कारण दोन प्रती सहज मावतात. मोठा गेम आला की नेमकं इथेच घोडं अडतं.

आणखी एक गोष्ट बघा. अर्धवट राहिलेलं इन्स्टॉल कार्डावर तसंच पडून राहू शकतं. एफबीआयच्या मुख्य मेनूत 'पेंडिंग टायटल्स' आहे. आत काही दिसलं तर 'डिलीट ऑल पेंडिंग टायटल्स' करा. तीनदा प्रयत्न केलाय म्हणजे तिथे काहीतरी असण्याची शक्यता दाट आहे. मग ती सीआयए फाइलही पुसा. आकडा पुन्हा ४९ हजारांजवळ यायला हवा. नाही आला तर पुढे जाऊ नका, आधी इथे लिहा.

आता खरा उपाय. कार्ट्रिज तुमच्या हातात आहे ना? मग मधली फाइल बनवायचीच कशाला? गॉडमोडनाइनची अलीकडची आवृत्ती कार्ट्रिजमधून थेट इन्स्टॉल करते:

१. कन्सोल बंद करून कार्ट्रिज घाला. स्टार्ट बटण दाबून धरा आणि पॉवर द्या, गॉडमोडनाइन उघडेल.
२. ड्राइव्हच्या यादीत 'सी: गेमकार्ट' उघडा.
३. नावात 'ट्रिम' असलेली थ्रीडीएस फाइल निवडून ए दाबा.
४. 'एनसीएसडी इमेज ऑप्शन्स'मध्ये जा. आधी 'व्हेरिफाय फाइल' करा. ही पायरी गाळू नका.
५. व्हेरिफाय पास झालं की त्याच मेनूत 'इन्स्टॉल गेम इमेज'. लिहायची परवानगी मागेल, स्क्रीनवर जो बटणांचा क्रम दिसेल तोच दाबायचा.

यात कार्डावर एकच प्रत लिहिली जाते. तुमच्या ३२ जीबीच्याच कार्डात काम होईल आणि वर २० हजार ब्लॉक उरतील.

'इन्स्टॉल गेम इमेज' दिसत नसेल तर तुमची गॉडमोडनाइन जुनी आहे. तिची नवी फर्म फाइल (प्रोग्रामची फाइल) आणून कार्डावरच्या ल्यूमा फोल्डरच्या आतल्या पेलोड्समध्ये जुनीच्या जागी ठेवा.

'ट्रिम'चंच का, तेही सांगते. थ्रीडीएसची सर्वात मोठी कार्ट्रिजं ४ जीबीची, म्हणजे ४,२९,४९,६७,२९६ बाइट. फॅट-३२ मध्ये (थ्रीडीएसच्या कार्डाचा फॉरमॅट) एका फाइलची कमाल मर्यादा ४,२९,४९,६७,२९५ बाइट. एका बाइटने हुकतं! ट्रिम केलेल्या इमेजमध्ये शेवटचा रिकामा भराव नसतो, म्हणून ती मावते. थेट इन्स्टॉलला याची अडचण नाही, पण पुढेमागे बॅकअप म्हणून इमेज कार्डावर ठेवायची झाली तर हे ध्यानात असू द्या.

---

घाटमाथा

अबोलीताईंनी पहिल्याचं काम केलं, मी कार्डाचं घेतो.

कार्ड बाद असेलच असं नाही. ६४ जीबी आणि त्यावरची कार्डं कारखान्यातूनच एक्सफॅट या दुसऱ्या फॉरमॅटमध्ये येतात आणि थ्रीडीएसला एक्सफॅट वाचता येत नाही, त्याला फॅट-३२ च लागतं. ३२ जीबीच्या वर विंडोजच्या नेहमीच्या फॉरमॅट खिडकीत फॅट-३२ चा पर्याय दिसत नाही, म्हणून 'गुइफॉरमॅट' नावाचा छोटा प्रोग्राम वापरतात. त्यात अलोकेशन युनिट साइज १२८ जीबीला ६५५३६ ठेवा (६४ जीबीपर्यंत ३२७६८). 'क्विक फॉरमॅट'ची खूण राहू द्या. ड्राइव्ह वापरात आहे असं म्हणून अडला, तर त्या कार्डाची उघडी असलेली एक्सप्लोररची खिडकी बंद करा, बहुतेक वेळा तेवढंच असतं. १२८ च्या वर जाऊ नका. कन्सोल सुरू व्हायला वेळ घ्यायला लागतो आणि एवढी जागा भरतही नाही.

पण फॉरमॅटच्याही आधी कार्ड तपासा. एमजी रोडवरून घ्या नाहीतर ऑनलाइन, खोटी कार्डं सगळीकडे मिळतात. वर १२८ छापलेलं असतं, आत ८ नाहीतर १६. अशा कार्डावर छोटे गेम महिनोन्महिने नीट चालतात. मोठा गेम टाकला की खरी हद्द ओलांडली जाते, आणि तिथून पुढे लिहिलेलं सगळं वाऱ्यावर. माणूस दोष कस्टम फर्मवेअरला देतो. तपासायला विंडोजवर 'एचटूटेस्टडब्ल्यू', लिनक्स किंवा मॅकवर 'एफथ्री' हा प्रोग्राम घ्या. रिकामं कार्ड पूर्ण भरून परत वाचू द्या. सेकंदाला १५ एमबीच्या वेगाने नुसतं लिहायलाच सव्वादोन तासांच्या वर लागतात, वाचायचा वेळ वेगळा. रात्री लावून झोपा. एक जरी चूक निघाली तरी कार्ड परत करा, त्यासाठी बिल जपून ठेवा.

मग कॉपी. जुन्या कार्डावरचं सगळं आधी कॉम्प्युटरवर, तिथून नव्या कार्डावर. इथे एक फसगत होते: कॉपी करण्याआधीच नवं कार्ड कन्सोलमध्ये घालून सुरू केलं, तर कन्सोल त्यावर स्वतःचा कोरा 'निन्टेंडो थ्रीडीएस' फोल्डर तयार करतो. वरून जुना टाकला की आत लांबलचक नावांचे दोन फोल्डर होऊ शकतात आणि गेम गायब दिसतात. तसा कोरा फोल्डर झाला असेल तर कॉपीआधी पूर्ण पुसा.

पावसाळ्यात लाइटचा भरवसा नाही. इन्व्हर्टर नसेल तर हे काम डेस्कटॉपवर करू नका, लॅपटॉपवर करा. लिहिताना वीज गेली तर फॅटची नोंदवही अर्धवट राहते, आणि मग कुठली फाइल खरी कुठली तुटकी हे शोधत बसावं लागतं.

तुमच्या मॉडेलमध्ये मायक्रोएसडी मागच्या झाकणाखाली असतं. झाकणाचे दोन स्क्रू पूर्ण बाहेर येत नाहीत, झाकणातच अडकून राहतात. ते निघेनात म्हणून जोर लावला की खाच झिजते. सैल झाले की कडेच्या खोबणीत नख घालून झाकण उचला. ड्रायव्हर बारीक प्लसचा आणि नीट बसणारा हवा, घड्याळाच्या पाकिटातला मऊ नको.

---

गोदातीर

अबोलीताई, घाटमाथा दादा, मनापासून आभार. पेंडिंगमध्ये एक अर्धवट टायटल होतंच. ते आणि सीआयए पुसल्यावर ४९ हजार परत आले. गॉडमोडनाइन नवी टाकली, 'इन्स्टॉल गेम इमेज' दिसतंय. पण 'व्हेरिफाय फाइल' फेल होतंय. कार्ट्रिजवरून गेम खेळताना मात्र काहीच अडत नाही. तरी इन्स्टॉल करू का?

---

अबोली

नका करू. खेळताना गेमचा तेवढ्यापुरता भाग वाचला जातो, व्हेरिफाय सुरुवातीपासून शेवटपर्यंत सगळं वाचतं. आत्ता जी चूक वाचली जातेय तीच कार्डावर लिहिली जाईल, आणि तीस तास खेळून झाल्यावर एखाद्या ठिकाणी गेम गोठेल.

बहुतेक वेळा कारण साधं असतं: कार्ट्रिजच्या मागच्या सोनेरी पट्ट्यांवर हाताचं तेल आणि धूळ. मोबाइल दुरुस्तीवाल्यांकडे आयपीए, म्हणजे आयसोप्रोपिल अल्कोहोल मिळतं. इअरबड त्यात बुडवा, निथळू द्या, पट्ट्यांवरून एकाच दिशेने फिरवा. बड काळपट निघेल. स्वच्छ निघेपर्यंत बदलत राहा, मग पाच मिनिटं वाळू द्या. खोडरबर घासू नका, मुलामा निघतो. फुंकरही मारू नका, थुंकीचा ओलावा पट्ट्यांवर बसतो. कार्ट्रिज दोन-तीनदा काढ-घाल करा म्हणजे खाचेतल्या पिनाही थोड्या साफ होतात, आणि पुन्हा व्हेरिफाय करा.

---

द्राक्षबाग

याच धाग्यात विचारते. जुना टूडीएस (थ्रीडीएसच्याच घराण्यातला कन्सोल), मोठं एसडी कार्ड, स्वतःच्या कार्ट्रिजच्या अकरा सीआयए आधीच कॉम्प्युटरवर आहेत. एकेक करून एफबीआयने टाकायला फार वेळ जातो. नेटवर्कवरून पाठवलं तर लवकर होईल का?

---

घाटमाथा

नेटवर्कने जागा वाचते, कारण एफबीआयचं 'रिमोट इन्स्टॉल' येईल तसं थेट लिहितं. वेळ मात्र वाचत नाही. या कन्सोलचं वायफाय जुनं आहे. सेकंदाला एक एमबी धरला तरी साडेतीन जीबीला तास लागतो. शिवाय ते फक्त २.४ गिगाहर्ट्झ बघतं आणि डब्ल्यूपीए-३ त्याला कळत नाही, त्यामुळे आजकालच्या राउटरवर आधी तिथेच खटपट.

ताई, अकरा गेमसाठी 'कस्टम-इन्स्टॉल' हा कॉम्प्युटरवरचा प्रोग्राम घ्या. कार्ड कॉम्प्युटरला लावून सीआयए थेट इन्स्टॉल झालेल्या रूपातच लिहिता येतात, कार्ड रीडरच्या वेगाने. त्यासाठी तुमच्याच कन्सोलच्या दोन फाइल लागतात, दोन्ही गॉडमोडनाइनमधून काढायच्या: 'एम: मेमरी व्हर्च्युअल'मधली बूट९, आणि 'सिसनँड सीटीआरनँड'च्या प्रायव्हेट फोल्डरमधली मूव्हेबल. दोन्ही कॉपी करा, हलवू नका. मूव्हेबल फाइल कुणालाही पाठवू नका, तुमच्या कार्डावरच्या डेटाची किल्ली तिच्यात असते. दुसऱ्या कन्सोलची वापरलीत तर गेम लिहिले जातील पण तुमच्या कन्सोलला ते दिसणार नाहीत.

लिहून झालं की कार्ड परत कन्सोलला लावून होमब्रू लाँचरमधून (कंपनीबाहेरचे प्रोग्राम उघडायचं ॲप) 'कस्टम-इन्स्टॉल-फायनलाइझ' चालवायचं. हे राहिलं म्हणून "सगळं टाकलं पण एकही आयकॉन नाही" अशी तक्रार सर्रास येते. आणि होम मेनूची ३०० टायटलची मर्यादा असते, ती लक्षात ठेवा.

---

गोदातीर

तिसऱ्या बडनंतर पट्ट्या स्वच्छ झाल्या, व्हेरिफाय पास, थेट इन्स्टॉल एका फटक्यात झालं. २० हजारांच्या आसपास ब्लॉक उरले. नवं कार्ड एचटूटेस्टडब्ल्यूला लावलंय, अजून चालू आहे.

एकच राहिलं: इन्स्टॉल केलेला गेम नव्याने सुरू होतोय, कार्ट्रिजमधली प्रगती दिसत नाही.

---

अबोली

सेव्ह कार्ट्रिजच्या आत असतो, गेमबरोबर येत नाही. कार्ट्रिज घालून चेकपॉइंट उघडा, कार्ट्रिजच्या आयकॉनवर बॅकअप घ्या. मग इन्स्टॉल केलेला गेम एकदा सुरू करा आणि टायटल स्क्रीन आली की बंद करा, म्हणजे त्याची सेव्हची जागा तयार होते. आता कार्ट्रिज बाहेर काढा, चेकपॉइंटमध्ये इन्स्टॉल केलेल्या आयकॉनवर तोच बॅकअप रिस्टोअर करा. कार्ट्रिज आत ठेवून केलंत तर एकाच नावाचे दोन आयकॉन असतात आणि उलट दिशेने रिस्टोअर होऊन जुना सेव्ह जाऊ शकतो.

हे सगळं नव्या कार्डावर जाण्याआधी उरका. चेकपॉइंटचा बॅकअप कार्डावरच्या थ्रीडीएस फोल्डरात असतो, त्याची एक प्रत कॉम्प्युटरवर काढून ठेवा.