कितानोने स्वतःच्या सिनेमात काम करायला नको होतं

कॅसेटवाला: काल परत 'सोनाटिन' बघितला, १९९३चा, जपानी दिग्दर्शक ताकेशी कितानोचा. लेखन त्याचं, दिग्दर्शन त्याचं, एडिटिंग त्याचं आणि मेन रोलपण तोच. पोगोवर जावेद जाफरीच्या कॉमेंट्रीसकट 'ताकेशीज कॅसल' लागायचं ना, त्यातला गडाचा मालक, तोच हा. मला तो डायरेक्टर म्हणून प्रचंड आवडतो, पण पडद्यावर नको. 'अ सीन ॲट द सी' आणि 'किड्स रिटर्न' बघा, दोन्हींत तो दिसत नाही आणि दोन्ही किती मोकळे वाटतात.

रात्रपाळी: नाही पटलं. अरे तो डायरेक्टर झालाच मुळी नट होता म्हणून. १९८९चा 'व्हायोलंट कॉप' किंजी फुकासाकु दिग्दर्शित करणार होते, हा फक्त हिरो, ते बाजूला झाले आणि सिनेमा याच्या गळ्यात पडला, मग स्क्रिप्टपण यानेच बदलली. त्याआधी 'टू बीट' नावाच्या कॉमेडी जोडीत तोंडाचा पट्टा चालवणारा माणूस, तो कॅमेऱ्यापुढे गप्प उभा राहतो यातच सगळी मजा आहे. सोनाटिनमधली सुमो कुस्तीची जागा आठव. ओकिनावा बेटाच्या किनाऱ्यावर लपलेले गुंड आधी कागदी पैलवान खेळवतात, मग वाळूत रिंगण आखून स्वतःच तसेच ताठ ताठ हलतात. ते चालू असताना तो नुसता हसत असतो, आणि ते हसू बघूनच पोटात गोळा येतो. दुसरा नट कुठून आणणार?

खिडकीपाशी: मला 'हाना-बी'बद्दल बोलायचंय. ऑगस्ट १९९४ मध्ये त्याचा स्कूटरचा भीषण अपघात झाला, चेहऱ्याची उजवी बाजू लुळी पडली. बरा होताना चित्रं काढायला लागला आणि तीच चित्रं सिनेमात व्हीलचेअरवरच्या पोलिसाची म्हणून आली, प्राण्यांच्या धडावर डोक्याच्या जागी फुलं. १९९७ला व्हेनिस फिल्म फेस्टिव्हलमध्ये गोल्डन लायन, म्हणजे तिथलं सर्वोच्च बक्षीस, मिळालं. त्यात त्याचा तो न हलणारा चेहरा काढून बघा, काही उरत नाही. पण 'ताकेशीज' आणि पुढचे दोन, २००५ ते २००८, त्यात मात्र सगळं स्वतःभोवतीच फिरतं, मला ते जड गेले.

कॅसेटवाला: हाना-बीचं मान्य, तिथे तोच हवा. पण तो स्वतःसुद्धा वेगळं ठेवतोच की, दिग्दर्शनाला ताकेशी कितानो आणि अभिनयाला बीट ताकेशी, अशी दोन नावं लावतो. आणि २००२चा 'डॉल्स'? लाल दोरीने बांधलेले ते दोघं एका ऋतूतून दुसऱ्यात चालत राहतात, तिथे हा कुठेच नाही, म्हणून तर आपण त्या दोरीकडे बघत राहतो.

रात्रपाळी: आणि लगेच पुढच्या वर्षी 'झातोइची', केस पांढरट रंगवून आंधळा तलवारबाज झाला, व्हेनिसला दिग्दर्शनाचं सिल्व्हर लायन घेतलं. डॉल्स मी शनिवारी परत बघतो, तू तोवर झातोइची बघ, मग बोलू.