प्री-डिपॉझिट (अपिलाआधी भरायची रक्कम) माफ होईल का? कस्टम्सचं अपील, 41 दिवस गेले

भोसरी_वर्कशॉप:
नमस्कार. मिस्टर गेल्यापासून मी आणि धाकटे दीर मिळून छोटं वर्कशॉप चालवतो. बाहेरून मागवलेल्या बेअरिंग हाउसिंगचं हेडिंग (ड्युटीचा दर ठरवणारा वर्गीकरणाचा क्रमांक) चुकीचं दाखवलं म्हणून अतिरिक्त आयुक्तांची ऑर्डर आली आहे: 24 लाख ड्युटी, तेवढाच दंड, शिवाय दिरांवर वेगळा 2 लाखांचा. ओळखीचे एक गृहस्थ म्हणतात, अपिलासोबत हलाखीचा अर्ज जोडा, पैसे माफ होतात. ती कागदपत्रं जमवण्यातच 41 दिवस गेले. 50 लाख कुठून आणू? असा अर्ज कोणी केलाय का?

जुना_अपीलवाला:
ताई, तो अर्ज आता उरलेला नाही. मी असे अर्ज ढिगाने टाइप केलेत, तीन-तीन वर्षांच्या बॅलन्सशीट आणि बँकेची पत्रं सुतळीने बांधून नेलीत. तेव्हा पूर्ण रक्कम भरायची असे आणि माफी मागता येत असे. 6 ऑगस्ट 2014 पासून कस्टम्सचं कलम 129ई आणि एक्साइजचं 35एफ दोन्ही बदलली. पहिल्या अपिलाला साडेसात टक्के, ते भरल्याशिवाय अपील ऐकत नाहीत, माफीचा अधिकारच अपील ऐकणाऱ्या आयुक्तांकडे नाही. सुप्रीम कोर्टानेही 2022 मध्ये चंद्रशेखर झा प्रकरणात हेच सांगितलं.

पण घाबरू नका, हिशोब नीट बघा. ड्युटी आणि दंड दोन्ही वादात असतील तर टक्के फक्त ड्युटीवर. म्हणजे 1,80,000. दिरांचं अपील वेगळं, त्यांचे 15,000. चौकशी चालू असताना काही भरलं होतं का?

भोसरी_वर्कशॉप:
हो! माल सोडवताना 1 लाख भरले होते. चलन मिस्टरांच्या फाइलमध्ये सापडलं, मागे त्यांच्याच हाताने ‘अंडर प्रोटेस्ट’ (हरकत राखून भरले) असं लिहिलंय. हायकोर्टात जायचं का?

जुना_अपीलवाला:
ते चलन जपा. कस्टम्स-एक्साइजच्या केंद्रीय बोर्डाच्या 16 सप्टेंबर 2014 च्या परिपत्रकाप्रमाणे ते साडेसात टक्क्यांत धरतात, म्हणजे तुम्हाला 80,000 च भरायचे. त्याच परिपत्रकाने अपील चालू असेपर्यंत उरलेल्या रकमेची सक्तीची वसुलीही थांबते. जिंकलात तर भरलेले व्याजासकट परत.

हायकोर्टात रिट करता येते, पण माफी अगदी विरळा, आणि तुमच्यासारख्या कामाला त्याच्या वकिलाची फीच 80,000 च्या वर जाईल. मुदत 60 दिवसांची, नंतर फार तर 30 दिवस, तेही कारण पटलं तर. तुमच्याकडे 19 दिवस आहेत. हलाखीचे कागद बाजूला ठेवा आणि हाउसिंगचे ड्रॉइंग, कॅटलॉग काढा, खटला त्यावर आहे.

भोसरी_वर्कशॉप:
ड्रॉइंग आहेत. दिरांचे 15,000 एकाच चलनात घालू का?

जुना_अपीलवाला:
नको. वेगळं चलन, त्यांच्या नावाने, त्यांच्या अपिलाला जोडून.