सिंहली लव्ह स्टोऱ्या आन् तिथली तरुण पोरं, सेमिनारसाठी मदत पायजे

आर्णीवाली: माहा आतेभाऊ श्रीलंकेत केलनियाले पाली शिकून रायला, तो सांगते का होस्टेलमध्ये रात्री लव्ह सिरीयलच्याच गोष्टी चालतात. मले एमएच्या सेमिनारले हाच विषय घ्यायचा आहे. सर म्हणतात पोरं कशी बिघडतात ते मांड, पण मले ते पटून नाही रायलं. सुरुवात कुठून करू?

दारव्ह्याचा भाऊ: ताई, सिरीयलच्या आधी 1968 चा 'गोलू हदवत' पाय. लेस्टर जेम्स पेरीसचा सिनेमा, करुणासेन जयलत यांच्या कादंबरीवरचा. शाळेतल्या पोराचं पहिलं प्रेम, आन् पुढं तीच गोष्ट पोरीच्या बाजूनं येते, ती काऊन दूर गेली ते समजते. मग 2017 पासून टीव्ही देरानावर लागलेली 'देवेनि इनिम' घे, तिच्यातबी शाळा, क्रिकेट आन् प्रेम. दोन पिढ्या समोरासमोर ठेवता येतात.

शिक्षिका, पुसद: बिघडले का हा प्रश्नच सोड बाई. पोरगी नाही म्हणाली तर हिरो पुढं काय करते ते पाय, खरा परिणाम तिथं असते. आपल्याकडं एसटी स्टँडवर रोज उभं राहणाऱ्या पोराले वाटते आपण लय खरं प्रेम करून रायलो, आन् इकडं त्या पोरीचं कॉलेज घरचे बंद करतात. हे मी वर्गात पायलं आहे, म्हणून जीव तुटते. पोरीची बाजू सांगणारी गोष्ट म्हणूनच मले लय मोलाची वाटते.

दारव्ह्याचा भाऊ: बरोबर बोलल्या मॅडम. आन् तिथं लग्नाचं चित्र काय आहे तेबी घे, रविवारच्या पेपरात स्थळांच्या जाहिराती येतात त्यात जात, धर्म, पत्रिका सगळं लिहून असते. पडद्यावर प्रेम आन् घरी पत्रिका, ह्या दोन्हीत ते पोरं कसे राहतात हे विचार. बाहेरच्या सिरीयलबी सोडू नको, कोरियाची 'दे जांग गम' सिंहलीत डब होऊन रूपवाहिनीवर लय चालली, तिच्यात तर राजवाड्यातल्या स्वयंपाकघरातून वैद्य झालेली बाई आहे, म्हणजे तिथले पोरं नुसत्या प्रेमासाठीच पायतात असं नाही.

आर्णीवाली: धन्यवाद दोघांयले. नकार मिळाल्यावर काय, हाच मुख्य प्रश्न धरतो. आतेभावाच्या ओळखीच्या सिंहली पोरींयलेच आधी विचारतो, पोरांयले नंतर. मॅडम, प्रश्न लिहून झाले की इथंच टाकतो, तुम्ही एकदा नजर टाकसान का?